शेजाऱ्याचं घर उठेल म्हणून क्लेम करायचा नाही का?

पत्राचा गोषवारा : सातारा जिल्ह्यातल्या एका वाडीवरून एका ताईंनी लिहिलं आहे. त्यांचे पती गवंडी, वय 38, रोज 800 रुपये. चार महिन्यांपूर्वी कामावरून मोटरसायकलने घरी येताना फाट्याच्या वळणावर मागून आलेल्या पिकअपने त्यांना उडवलं. उजव्या मांडीचं हाड मोडलं, रॉड टाकला, गुडघा अजून पुरता वाकत नाही. दवाखान्याला 2,40,000 रुपये लागले, दागिने गहाण पडले. पिकअप चालवणारा मुलगा शेजारचाच, गाडी त्याच्या वडिलांच्या नावावर. दोन्हीकडच्या वडीलधाऱ्यांनी बसून 50,000 रुपयांवर मिटवलं आणि ‘पुढे काही मागणी नाही’ असं मुद्रांकावर लिहून घेतलं. पोलीस दवाखान्यात आले तेव्हा पतीने ‘तक्रार नाही’ असा जबाब दिला. आता तालुक्याचा एकजण घरी येऊन म्हणतो, कोऱ्या कागदांवर सह्या द्या, क्लेम मिळवून देतो, येईल त्यातले 30 टक्के माझे. सासरे म्हणतात, शेजाऱ्याचं घर उठवून आपलं उभं राहत नाही. भाऊ म्हणतो, कोर्टात दहा वर्षं जातील. पतीने हेल्मेट घातलं नव्हतं, त्याचीही धास्ती आहे. ताई शिवणकाम करतात. शेवटी विचारतात : पतसंस्थेचे हप्ते थांबलेत, शिलाई मशीन विकू का?

प्रिय ताई,

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. दुसऱ्या वेळी एक गोष्ट ध्यानात आली. पत्रात सासरे आहेत, शेजारी आहेत, पोलीस, भाऊ, तो तालुक्याचा माणूस, सगळे आहेत. पण ‘विमा कंपनी’ हा शब्द कुठेच नाही. ज्याने पैसे द्यायचे आहेत तोच पत्रात नाही, आणि म्हणून सगळा प्रश्न तुमचं घर की त्यांचं घर असा होऊन बसला आहे.

रस्त्यावर येणाऱ्या प्रत्येक गाडीला थर्ड पार्टी विमा काढणं मोटार वाहन कायद्याने सक्तीचं आहे. त्यातली ‘थर्ड पार्टी’ म्हणजे तुमचे पती. आपल्या गाडीने कुणाला इजा झाली तर भरपाई कंपनीने द्यावी, याचसाठी शेजाऱ्यांनी तो हप्ता भरलेला असतो. गाडीची पॉलिसी चालू असेल आणि मुलाकडे लायसन्स असेल तर मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने, म्हणजे अपघाताच्या भरपाईच्या न्यायालयाने, ठरवलेली रक्कम कंपनीच्या तिजोरीतून येते, शेजाऱ्यांची जमीन विकून नाही. सासऱ्यांना हे एकदा शांतपणे समजावून सांगा. त्यांची भीती खोटी नाही, वाडीत राहायचं तर शेजार लागतोच. फक्त ती भीती चुकीच्या जागी आहे.

तरीही दोन गोष्टी उघड सांगते. दाव्यात चालक, मालक आणि विमा कंपनी अशी तिघांची नावं घालावी लागतात, त्यामुळे शेजाऱ्यांच्या घरी नोटीस जाणारच. ती पोस्टमनच्या हातून पहिल्यांदा कळली तर मन दुखावेल. आधी तुम्ही जा, ‘पैसे कंपनीकडे मागतोय, तुमच्याकडे नाही’ असं सांगा आणि पॉलिसी, आरसी बुक, लायसन्स यांच्या प्रती मागा. त्यांनी आपल्या विमा कंपनीला अपघात कळवणंही गरजेचं आहे, तेही सांगा. दुसरी गोष्ट : विमा संपलेला असेल तर भार खरोखर मालकावर येतो. लायसन्स नसेल तर बऱ्याचदा न्यायालय कंपनीला आधी तुम्हाला पैसे द्यायला आणि मग ते मालकाकडून वसूल करायला सांगतं. मुलाकडे फक्त हलक्या वाहनाचं लायसन्स आहे, मालवाहूचं वेगळं नाही, अशी कुजबुज असेल तर ती मनावर घेऊ नका. साडेसात टनांपर्यंतची मालवाहू गाडी त्या लायसन्सवर चालवता येते, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर 2024 मध्ये स्पष्ट केलं आहे. तेव्हा आधी कागद पाहा, मग कुणाचं घर उठतंय का ते ठरवा. नंबरावरून विमा चालू आहे की नाही हे परिवहन खात्याच्या ॲपवरही दिसतं.

आता सगळ्यात तातडीचं. 1 एप्रिल 2022 पासून कायद्यात दाव्याला अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांची मुदत आहे. तुमचे चार महिने गेले. या मुदतीलाच सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे आणि निकाल होईपर्यंत केवळ उशीर झाला म्हणून अर्ज फेटाळू नयेत असा अंतरिम आदेश 2025 मध्ये झाला आहे. ज्यांची मुदत टळून गेली त्यांनी म्हणूनच वकिलाला न विचारता आशा सोडू नये. तुम्ही मात्र त्या आदेशाच्या भरवशावर बसू नका. दोन महिने हातात आहेत, त्यात अर्ज दाखल करा. अर्ज जिथे अपघात झाला तिथे करता येतो, तसाच अर्जदार राहतो त्या भागातल्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणातही करता येतो. पोटापाण्यासाठी पुण्या-मुंबईला गेलेल्या आणि जखमी होऊन गावी परतलेल्या वाचकांनी हे लक्षात ठेवावं. तारखेला परत तिकडे जायची गरज नाही.

पोलिसांचं काय? ‘तक्रार नाही’ हा जबाब आहे, तो पुसता येत नाही आणि पुसायचा प्रयत्नही करू नका. पतीच्या सहीने लेखी फिर्याद द्या. तारीख, वेळ, जागा, गाडीचा नंबर, मागून धडक बसली ही हकीकत, आणि तेव्हा तक्रार का दिली नाही याचं खरं कारण : ते पलंगावर होते, वडीलधाऱ्यांमध्ये मिटवामिटवीची बोलणी चालू होती. फिर्यादीला उशीर झाला एवढ्याच कारणाने दावा बुडत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये सांगून ठेवलं आहे. उशिराला पटेल असं कारण लागतं, आणि तुमच्याकडे ते आहे. दवाखान्याने पोलिसांना कळवल्याची एमएलसी नोंद अपघाताच्या दिवसाचीच असेल. तिची प्रत मिळवा, या प्रकरणात ती फार मोलाची आहे. ठाण्यात फिर्याद घेतली नाही तर तीच पोस्टाने पोलीस अधीक्षकांना पाठवा आणि पावती जपा. एक मात्र करू नका. दुसरं कुणी सांगतं म्हणून हकीकतीत रंग भरू नका, गाडीचा वेग, साक्षीदार, काहीही वाढवू नका. दाव्यात फौजदारी खटल्याइतका कडक पुरावा लागत नाही, जास्त संभवनीय काय एवढंच पाहिलं जातं. खरी गोष्ट तिथे पुरेशी असते, आणि पकडलेलं एक खोटं बाकीचं सगळं खरं घेऊन बुडतं.

गुन्हा नोंदला की पोलिसांवरही जबाबदारी येते. 2022 च्या नियमांनुसार तपास अधिकाऱ्याने अपघाताचा पहिला अहवाल 48 तासांत आणि सविस्तर अहवाल 90 दिवसांत न्यायाधिकरणाला द्यायचा असतो. ज्यांचा अपघात अलीकडचा आहे त्यांनी ठाण्यात जाऊन ‘अहवाल पाठवला का, प्रत द्या’ असं विचारावं. हा तुमचा हक्क आहे, कुणाची मेहेरबानी नव्हे.

मुद्रांकावरचा तो कागद तुमच्या छातीवर दगडासारखा बसला आहे, हे पत्राच्या अक्षरावरूनही कळतं. ताई, तो दोन घरांमधला कागद आहे, न्यायाधिकरणाचा निवाडा नाही. विमा कंपनी त्यात कुठेही नाही. तिचा वकील हा कागद पुढे करील, वाद घालील, हे धरून चला. म्हणून तो दडवू नका. 50,000 मिळाले हे अर्जातच लिहा. बहुधा तेवढी रक्कम वजा होईल. तुमच्या वकिलाला मात्र हा कागद पहिल्याच भेटीत दाखवा, शेवटच्या तारखेला नव्हे.

हेल्मेटची धास्ती सोडा. हेल्मेट घालायलाच हवं होतं, यात वाद नाही. पण ते नव्हतं म्हणून मांडीचं हाड मोडलेलं नाही. 2020 मध्ये एका मोटरसायकलवर तिघे बसल्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की नियम मोडला एवढ्यावर जखमीचा वाटा धरता येत नाही, त्या चुकीमुळे अपघात झाला किंवा इजा वाढली असं दिसायला हवं.

आता ज्या गोष्टीसाठी मला हे उत्तर एवढं लांब लिहावंसं वाटलं, ती. तुम्ही नुकसान मोजताना दवाखान्याचं बिल मोजलं आहे : 2,40,000 खर्च, 50,000 मिळाले, राहिले 1,90,000. सासऱ्यांनी, शेजाऱ्यांनी, सगळ्यांनीच असं मोजलं. पण तुमच्या पतीचं खरं नुकसान त्या बिलात नाहीच. गवंड्याचा दिवस आठवून पाहा. सकाळी परांची चढायची, फरशी बसवायला तासन्‌तास उकिडवं बसायचं, उठायचं, ओळंबा धरून मागे सरकायचं, परत बसायचं. थापी धरणारा हात शाबूत आहे, पण त्या हाताला कामाच्या जागेपर्यंत नेणारा गुडघा वाकत नाही. कारकुनाला हीच इजा झाली असती तर तो सहा महिन्यांनी खुर्चीत बसून तोच पगार घेऊ लागला असता.

हा फरक न्यायालयं मानतात. सर्वोच्च न्यायालयाने 2010 च्या अखेरीस दिलेल्या राजकुमार विरुद्ध अजय कुमार या निकालात नेमकं हेच उदाहरण आहे : डावा हात गेला तर शरीराचं अपंगत्व साधारण 60 टक्के धरलं जाईल, पण तो माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर कमाईचं नुकसान जवळपास शंभर टक्के, आणि सरकारी कारकून असेल तर कदाचित काहीच नाही. डॉक्टरांचा आकडा शरीराचा असतो. न्यायाधिकरणाने कमाईचा आकडा काढायचा असतो.

तुमच्या घरचंच गणित मांडून दाखवते. रोज 800, महिन्यात 22 दिवस भरले तर 17,600. पण पावसाळ्याचे खाडे धरून आपण 15,000 च घेऊ. वय चाळिशीच्या आत आणि स्वतःचा धंदा, म्हणून पुढे वाढू शकणाऱ्या कमाईपोटी 40 टक्के मिळवायचे (2017 च्या प्रणय सेठी निकालातलं प्रमाण) : 21,000. वर्षाचे 2,52,000. वर्षाच्या कमाईला ज्याने गुणायचं तो गुणक वय 36 ते 40 साठी 15, हा 2009 च्या सरला वर्मा निकालातला तक्ता. झाले 37,80,000. कमाईचं नुकसान त्याच्या 30 टक्के धरलं तर 11,34,000. आणि गवंडीकाम निम्म्याहून जास्त गेलं असं मानून 60 टक्के धरले तर 22,68,000. मी या रकमेचं वचन देत नाही. कंपनी प्रत्येक आकड्यावर भांडेल, महिन्याचं उत्पन्न कमी धरायला सांगेल. पण 30 आणि 60 मधला फरक 11,34,000 आहे, आणि तो फरक तुम्ही कोणता पुरावा आणता यावर ठरतो. दवाखान्याचं बिल, प्रवास, खुराक, बुडालेली मजुरी, वेदना, पुढे रॉड काढायचा खर्च हे सगळं याच्या वर वेगळं मागायचं असतं.

एका दाव्याच्या वेळी मी पाहिलं होतं. प्रमाणपत्रावर टक्के लिहिलेले होतेच, पण अर्जदार साक्षीच्या पिंजऱ्याची एकच पायरी चढताना दोन्ही हातांनी कठडा धरून पाय ओढून घेत होता, आणि न्यायाधीश लिहायचं थांबून त्याच्याकडे पाहत राहिले. नंतर त्यांनी स्वतःहून डॉक्टरांना विचारलं, या माणसाला उकिडवं बसता येईल का? तुमच्या डॉक्टरांना हा प्रश्न आजच विचारा. आणि ते जे टक्के लिहितील ते पायाचे की सगळ्या शरीराचे, हेही विचारा. यात फार मोठा घोळ होतो. जिल्हा रुग्णालयातून रीतसर अपंगत्व प्रमाणपत्र घ्या. ज्यांनी शस्त्रक्रिया केली किंवा ज्यांनी प्रमाणपत्र दिलं, त्या डॉक्टरांची साक्ष व्हायला हवी. नुसता कागद दाखल करून भागत नाही.

‘कमाईचा पुरावा नाही’ असं तुम्ही लिहिलंय. रोजंदारीच्या माणसाकडे पगारपत्रक कुठून येणार? 2014 च्या एका निकालात पाय गमावलेल्या भाजीविक्रेत्याच्या उत्पन्नाचा कागद नसतानाही सर्वोच्च न्यायालयाने त्याची कमाई वाजवी धरली आणि कमाईचं नुकसान 85 टक्के मानलं. तरी आपल्या बाजूने जेवढं जमेल तेवढं गोळा करावं. ज्या ठेकेदाराकडे पती जायचे त्याची हजेरीची वही असेल, तिच्या पानांचे फोटो घ्या. बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाकडे त्यांची नोंदणी आहे का? त्या नोंदणीला वर्षात 90 दिवस काम केल्याचा दाखला लागतो, म्हणजे ते कार्ड हाच गवंडी असल्याचा सरकारी पुरावा. मोबाईलवर आलेले मजुरीचे पैसे, पासबुकातल्या नोंदी, ज्यांचं घर बांधलं असा एखादा घरमालक साक्षीला. आणि त्यांच्या मोबाईलमध्ये परांचीवर उभं राहून काढलेला एखादा फोटो असेलच. तोही ठेवा.

तालुक्याच्या त्या माणसाला नमस्कार करून परत पाठवा. कोऱ्या कागदावर, कोऱ्या वकीलपत्रावर सही करायची नाही, कुणी कितीही ओळखीचा असो. निकालातल्या रकमेत टक्केवारी ठरवून फी घेणं वकिलांनाही व्यवसायाच्या नियमांनी मना आहे. मग मध्यस्थाला 30 टक्के कशाचे द्यायचे? जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं, तालुक्यालाही समिती असते. अपंगत्व आलेल्या व्यक्ती, स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीतले आणि ठरावीक मर्यादेखाली उत्पन्न असलेले यांना तिथून मोफत वकील मिळतो. मदतीचा दूरध्वनी 15100. खासगी वकील लावलात तरी फी आधी ठरवा, पावती घ्या, आणि अर्जात बँक खातं पतीचंच लिहिलंय ना ते डोळ्यांनी पाहा.

भाऊ म्हणतो ती वर्षांची भीती अगदीच निराधार नाही. काही दावे रेंगाळतात. पण भरपाईवर व्याज मिळतं आणि ते साधारणपणे अर्जाच्या तारखेपासून धरलं जातं, म्हणजे अर्ज जितका लवकर तितकं बरं. मध्येच कंपनी तडजोडीला तयार झाली तर लोक अदालतीत एका दिवसात निकाल लागतो. तो मार्ग चांगला आहे, पण तिथला निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. अपंगत्वाचं प्रमाणपत्र हातात येण्याआधी, गुडघा कुठवर सुधारतो हे कळण्याआधी, तिथे मान डोलवू नका. आणखी एक खाचखळगा : मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली गंभीर दुखापतीला कुणाची चूक हे सिद्ध न करता 2,50,000 रुपये मिळतात. ज्यांच्याकडे चुकीचा पुरावाच नाही त्यांना हा मोठा आधार आहे. पण ती रक्कम कंपनीकडून तडजोडीत स्वीकारली की कलम 166 खालचा, म्हणजे समोरच्याची चूक दाखवून पूर्ण भरपाई मागायचा, मोठा दावा संपतो. तुमच्या पतीला मागून धडक बसली आहे, इजा आयुष्यभराची दिसते आहे. मला विचाराल तर तुम्ही 166 चाच मार्ग धरा.

अशीच पत्रं आणखीही आली आहेत, त्यांच्यासाठी दोन ओळी. गाडी ठोकर मारून पळून गेली आणि सापडलीच नाही तर गंभीर दुखापतीला 50,000 आणि मृत्यू झाल्यास वारसांना 2,00,000 रुपये सरकारी योजनेतून मिळतात. आणि मे 2025 पासून रस्ते अपघातातल्या जखमीला पहिल्या सात दिवसांत दीड लाखापर्यंतचे उपचार योजनेतल्या रुग्णालयात रोख न भरता मिळण्याची तरतूद आहे. भरती करतानाच त्याबद्दल विचारा.

मशीन विकू नका, ताई. सध्या घरात कमावणारे दोन हात तुमचेच आहेत. पतसंस्थेत स्वतः जा, अपघाताचे कागद दाखवा आणि हप्ते लांबवून मागण्याचा अर्ज देऊन पोच घ्या. तोंडी विनवणीवर थांबू नका. आणि या चार महिन्यांत तुम्ही शिवणकाम बंद ठेवून पतीला उठवलंत, बसवलंत, अंघोळ घातलीत, ड्रेसिंगला नेलंत, त्याचाही हिशेब अर्जात शुश्रूषेच्या खर्चात घाला. घरच्या बाईने केलं म्हणून ते फुकट झालं असं कुणी म्हणू देऊ नका. किती गिऱ्हाइकं परत पाठवलीत ते तुमच्या मापांच्या वहीत असेल, तारखा लावून लिहून काढा.

तुम्ही लिहिलंय की एक्स-रे पत्र्याच्या पेटीवर गुंडाळून ठेवले आहेत. ते आज सरळ करून प्लॅस्टिकच्या पिशवीत, ओल लागणार नाही अशा जागी ठेवा. औषधांच्या पावत्यांची शाई उडते, आधी त्यांच्या झेरॉक्स काढा. सोमवारी ठाण्यात जाताना मूळ कागद नेऊ नका, प्रती न्या.